जनगणना फेब्रुवारीत, तांडा उसाच्या फडात

मा. संपादक,
स. न. वि. वि.

मराठवाड्याच्या अनुशेषाची चर्चा दरवर्षी १७ सप्टेंबरच्या, म्हणजे मराठवाडा मुक्तिसंग्राम दिनाच्या, आसपास रंगते, ध्वजारोहणाच्या भाषणांत आकडे येतात आणि हिवाळी अधिवेशन संपेपर्यंत सगळे विरूनही जाते. अनुशेष नेमका कोणत्या पातळीवर आणि वर्षाच्या कोणत्या महिन्यात मोजायचा, हा प्रश्न मात्र या चर्चेत सहसा निघत नाही. जिल्हा परिषदेच्या बांधकाम विभागात शाखा अभियंता म्हणून माझ्या नोकरीची बहुतेक वर्षे बालाघाटाच्या डोंगरपट्ट्यात गेली. त्या अनुभवावरून माझे मत असे झाले आहे की, निधी किती आला हा दुय्यम मुद्दा आहे. तो ज्या मोजपट्टीने वाटला जातो ती मोजपट्टीच आमच्याकडच्या वाड्या, वस्त्या आणि तांडे वगळते. पुढची जनगणना जवळ आली असताना हे मांडणे आवश्यक वाटते, म्हणून हा पत्रप्रपंच.

इतिहास वाचकांना ठाऊक आहे, तरी दोन-चार टप्पे नमूद करतो. १९५३च्या नागपूर करारात मराठवाड्याकडे विशेष लक्ष देण्याचे आश्वासन होते. १९५६च्या सातव्या घटनादुरुस्तीने अनुच्छेद ३७१ (२) आला आणि विदर्भ, मराठवाडा व उर्वरित महाराष्ट्र यांच्यासाठी स्वतंत्र विकास मंडळे नेमण्याची, तसेच विकासखर्चाचे समन्यायी वाटप होते की नाही हे पाहण्याची विशेष जबाबदारी राज्यपालांकडे देण्याची सोय झाली. प्रत्यक्षात मंडळे आली १९९४मध्ये. त्याआधी, १९८३मध्ये नेमलेल्या दांडेकर समितीने राज्याचा अनुशेष सुमारे ३,१८७ कोटी रुपये काढला होता आणि त्यात मराठवाड्याचा वाटा सुमारे ७५१ कोटींचा होता. पुढे निर्देशांक व अनुशेष समितीने १ एप्रिल १९९४च्या स्थितीवर पुन्हा हिशेब केला, तेव्हा राज्याचा आकडा सुमारे १४ हजार कोटींवर आणि मराठवाड्याचा सुमारे ४ हजार कोटींवर गेलेला होता. मधल्या काळात महागाई वाढली हे खरे, पण अनुशेष भरून काढण्याच्या दशकात तो असा फुगावा, यावरून भरपाईची गती काय होती ते कळते.

या दोन्ही हिशेबांत राज्याची सरासरी काढायची, जिल्हा तिच्यापेक्षा किती मागे आहे ते पाहायचे आणि तेवढा अनुशेष धरायचा, अशी रीत होती. त्या काळी दुसरी माहिती हाताशी नव्हती, त्यामुळे त्या समित्यांना दोष देण्यात अर्थ नाही. परंतु जिल्ह्याच्या सरासरीत जिल्ह्याचे ठिकाण, औद्योगिक वसाहत, धरणाखालचा बागायती पट्टा आणि डोंगरावरचा तांडा सगळे एकत्र मिसळतात. छत्रपती संभाजीनगर जिल्ह्याचे आकडे शेंद्रा-बिडकीनच्या औद्योगिक वसाहतींमुळे उजळतात, त्याने सोयगाव किंवा कन्नडच्या डोंगरातल्या वस्तीचे काहीही बदलत नाही. केळकर समितीने २०१३च्या अहवालात तालुका हा घटक धरला, हे पाऊल निश्चितच पुढचे होते. तो अहवाल विधिमंडळापुढे ठेवला गेला आणि तिथेच राहिला. विकास मंडळांची मुदत ३० एप्रिल २०२० रोजी संपली. त्यांच्या पुनर्गठनाचा निर्णय मंत्रिमंडळाने २०२२मध्ये घेतला, तरी मंडळांची कार्यालये वर्षानुवर्षे अध्यक्षांविनाच राहिली. मंडळे असताना ती फार मोठे काही करत होती असा माझा दावा नाही. निदान हिशेब मागायला एक दार होते, एवढेच.

आता मूळ मुद्द्याकडे येतो. प्रधानमंत्री ग्रामसडक योजना २५ डिसेंबर २००० रोजी सुरू झाली आणि ग्रामीण भागात तिने खरोखर मोठे काम केले, हे प्रामाणिकपणे मान्य केले पाहिजे. तिचा सर्वसाधारण निकष असा की, सपाट प्रदेशात ५०० किंवा त्याहून अधिक लोकसंख्येच्या, बारमाही रस्ता नसलेल्या वस्तीला रस्ता मिळावा. सप्टेंबर २०२४मध्ये मंजूर झालेल्या चौथ्या टप्प्यातही हाच निकष कायम आहे. देशभरात २५ हजार वस्त्या, ६२ हजार ५०० किलोमीटर रस्ते आणि सुमारे ७० हजार कोटी रुपये असा त्याचा आवाका असून लोकसंख्या २०११च्या जनगणनेची धरायची आहे. ही जनगणना ९ ते २८ फेब्रुवारी या काळात झाली होती. त्याआधीची २००१ची जनगणनाही फेब्रुवारीतच झाली होती.

फेब्रुवारीत बीड जिल्ह्यातल्या धारूर, वडवणी, पाटोदा, शिरूर कासार, आष्टी या तालुक्यांतला किंवा परभणी-जालन्याच्या कोरडवाहू पट्ट्यातला तांडा कुठे असतो? दसरा-दिवाळी आटोपली की मुकादमाकडून उचल, म्हणजे आगाऊ मजुरी, घेतलेल्या टोळ्या ट्रकमध्ये संसार भरून पश्चिम महाराष्ट्रात आणि कर्नाटकात ऊसतोडीला जातात, आणि कारखान्याचा पट्टा पडल्याशिवाय, म्हणजे मार्च-एप्रिलमध्ये हंगाम संपल्याशिवाय, परतत नाहीत. कोयता हा जोडीनेच चालतो, म्हणून नवरा-बायको दोघेही जातात, आणि सांभाळणारे कोणी नसेल तर लहान मुलेही बरोबर जातात. मागे उरतात ती म्हातारी माणसे, शाळेपायी ठेवलेली काही मुले आणि ज्यांना कामाला जाणे शक्य नाही ती कुटुंबे. जनगणनेचा नियम असा आहे की, गणनेच्या संपूर्ण काळात जो माणूस घरी नसतो त्याची नोंद तो ज्या ठिकाणी मुक्कामाला आहे तिथे होते. म्हणजे कोपीवर (फडाजवळच्या झोपडीवर) गणनेचा कर्मचारी पोहोचला असेल तर आमच्या माणसांची भर सांगली-कोल्हापूरच्या एखाद्या गावात पडली आणि पोहोचला नसेल तर ती कुठेच मोजली गेली नाहीत. समजा एखाद्या तांड्यावर सहाशे माणसे राहतात आणि त्यातली अडीचशे फडावर आहेत. तो तांडा कागदावर साडेतीनशेचा होतो आणि ५००च्या निकषाबाहेर पडतो. कोणाचीही वाईट इच्छा नसताना, नियम काटेकोर पाळूनच हे घडते.

यात आणखी एक गुंता आहे. जनगणनेत आकडा महसुली गावाचा प्रसिद्ध होतो, तांड्याचा किंवा वस्तीचा नाही. वस्तीचा आकडा गावाच्या आकड्यातून वेगळा काढून यादीत भरावा लागतो आणि तो भरताना गावठाणाचे वजन जास्त पडते, कारण सरपंच, सोसायटी, शाळा, सगळे गावठाणात असते. बंजारा तांड्यांसाठी वसंतराव नाईक यांच्या नावाने तांडा-वस्ती सुधार योजना आहे, तिच्यातून अंतर्गत रस्ते, सभागृह, पाण्याची सोय अशी कामे होतात. पण तांड्यातला सिमेंटचा रस्ता तांड्याच्या वेशीपर्यंत येतो आणि वेशीपासून डांबरी सडकेपर्यंतचे दोन-तीन किलोमीटर कोणत्या लेखाशीर्षात घालायचे, याचे उत्तर मिळत नाही. हा मधला तुकडाच खरा अडसर आहे.

विषमता निकषातही आहे, आणि ती शेजारी-शेजारी दिसते. आकांक्षित जिल्हे व आकांक्षित गट (म्हणजे केंद्राने मागास म्हणून निवडलेले जिल्हे व तालुके) यांच्यासाठी लोकसंख्येची अट २५० इतकी शिथिल केली आहे. धाराशिव हा आकांक्षित जिल्हा असल्यामुळे कळंब तालुक्यातली अडीचशे लोकांची वस्ती पात्र ठरू शकते. मांजरा नदी ओलांडून बीड जिल्ह्यात आले की आकांक्षितांच्या यादीबाहेरच्या वस्तीला तिच्या दुप्पट लोकसंख्या दाखवावी लागते. माती तीच आहे, पाऊस तोच आहे आणि कोयतेही त्याच कारखान्यांना जातात. धाराशिवला सवलत मिळाली याचे कोणालाही वाईट वाटू नये. ती बालाघाटाच्या संपूर्ण डोंगरपट्ट्याला का मिळू नये, एवढाच प्रश्न आहे.

ज्या रस्त्याला क्रमांक नाही त्याची गोष्ट अधिकच अवघड होते. राष्ट्रीय महामार्ग, राज्य मार्ग, प्रमुख जिल्हा मार्ग, इतर जिल्हा मार्ग आणि ग्रामीण मार्ग अशी आपली उतरंड आहे. २००१ ते २०२१ या काळाच्या रस्ते विकास योजनेत ज्या वाटेला ग्रामीण मार्ग म्हणून क्रमांक मिळाला, तिच्यावर अंदाजपत्रक करता येते. ज्या वाटेला तो मिळाला नाही, ती कितीही वहिवाटीची असली तरी कार्यालयाच्या लेखी ती पाणंदच असते. मग ती रोजगार हमीच्या मातोश्री पाणंद योजनेत ढकलली जाते. तिथे अकुशल मजुरी आणि साहित्य यांचे प्रमाण सांभाळायचे असते, त्यामुळे खडीकरणापर्यंत जाऊन काम थांबते. क्रमांक मागायला ग्रामपंचायतीचा ठराव, मोजणी, नकाशा आणि शेतकऱ्यांची संमतीपत्रे लागतात. संमतीपत्र म्हणजे रस्त्यात जाणारी जमीन विनामोबदला द्यायची, कारण ग्रामसडक योजनेत भूसंपादनाला पैसा नाही. दोन एकरांच्या धन्याने बांधाकडची पाच-सहा गुंठे फुकट सोडावीत ही अपेक्षा आपण धरतो आणि तो अडला की ‘गावकऱ्यांच्या वादामुळे काम रखडले’ असा शेरा मारून मोकळे होतो. उलट नागपूर-गोवा शक्तिपीठ महामार्गासाठी भूसंपादनासह सुमारे २० हजार ७८७ कोटींच्या तरतुदीला जून २०२५मध्ये मान्यता मिळाली. या महामार्गाच्या बाजूने किंवा विरोधात लिहिण्याचा हेतू नाही. सुमारे आठशे किलोमीटरच्या रस्त्यासाठी जमिनीचे पैसे मोजता येतात तर तांड्याच्या अडीच किलोमीटरसाठीही ते मोजता यावेत, इतकेच म्हणणे आहे.

रस्ता मंजूर झाला तरी तो टिकत का नाही, हे सांगितल्याशिवाय पत्र पुरे होणार नाही. आमच्याकडची काळी माती पाणी प्याली की फुगते आणि उन्हाळ्यात आक्रसून तिला हात-हात भेगा पडतात. अशा मातीवर रस्ता करायचा तर वरची माती काढून चांगल्या मुरुमाचा जाड थर द्यावा लागतो, तो पाणी मारून थराथराने दाबावा लागतो आणि दोन्ही बाजूंना चर काढून पाणी लांब न्यावे लागते. अंदाजपत्रकात सर्वांत आधी कात्री लागते ती याच गोष्टींना. डांबर डोळ्यांना दिसते, खालचा थर कोणाला दिसत नाही. मुरुमाची खाण लांब असेल तर वाहतुकीचा दर वाढतो, मग किलोमीटरचा खर्च ठरलेल्या मर्यादेत बसवण्यासाठी थर पातळ होतो. पहिल्याच पावसाळ्यात चाकोऱ्या पडतात, दुसऱ्या पावसाळ्यात डांबराचे पापुद्रे निघतात आणि लोक ठेकेदाराला शिव्या देतात. ठेकेदार धुतल्या तांदळासारखे असतात असे मी म्हणत नाही, परंतु पुष्कळ रस्ते अंदाजपत्रकाच्या टेबलावरच खराब होतात. ग्रामसडक योजनेच्या निविदेत पाच वर्षांची देखभाल धरलेली असते, ही चांगली सोय आहे. सहाव्या वर्षी तो रस्ता जिल्हा परिषदेच्या पदरात पडतो आणि तिच्याकडे दुरुस्तीचा निधी इतका तुटपुंजा असतो की खड्डे बुजवण्यापलीकडे काही होत नाही.

शिवाय कामाचा हंगाम आणि कोयत्याचा हंगाम एकच आहे. पावसाळा सोडून नोव्हेंबर ते मे या काळात रस्त्याची कामे होतात आणि त्यातल्या बहुतेक महिन्यांत तांडा रिकामा असतो. खडी किती पडली, मुरुमावर पाणी मारले की नाही, रोलर किती फिरला, हे पाहायला ज्यांच्यासाठी रस्ता होतो ती माणसेच तिथे नसतात. मोजमाप पुस्तिकेत जे लिहिले जाते त्याला दुसरा साक्षीदार उरत नाही. २६ जानेवारीच्या ग्रामसभेतही हीच माणसे नसतात, आणि पुढच्या वर्षाच्या कामांची चर्चा साधारण तेव्हाच होते.

सप्टेंबर २०२५च्या अतिवृष्टीने या साऱ्याची परीक्षा घेतली. सीना, मांजरा, सिंदफणा आणि गोदावरी यांच्या पुरांत शेतातली माती खरवडून गेली, हे सर्वांनी पाहिले. गावे तुटली ती मात्र बऱ्याच ठिकाणी मोठ्या नदीमुळे नव्हे, तर ओढ्यावरच्या नळकांडी पुलांमुळे. अशा पुलाचे सिमेंटचे नळ कपाशीच्या पऱ्हाट्या, बोरीबाभळीच्या फांद्या आणि वाहून आलेल्या काडीकचऱ्याने तुंबतात, पाणी पुलावरून वाहू लागते, बाजूचा भराव कापला जातो आणि पूल जागेवर राहून दोन्हीकडचा रस्ता वाहून जातो. त्यानंतर दुरुस्तीचा प्रस्ताव ‘पूर्वस्थितीत आणणे’ या नावाने जातो. पूर्वस्थिती म्हणजे तेच नळ आणि तीच उंची. राज्य सरकारने ऑक्टोबर २०२५मध्ये ३१ हजार ६२८ कोटींचे पॅकेज जाहीर केले, त्यात पिकांच्या नुकसानीला अग्रक्रम मिळाला हे योग्यच झाले. तरीही अशा वेळी नळकांडी पूल काढून तिथे रुंद गाळ्याचा स्लॅबचा पूल बांधण्याची मुभा दिली नाही, तर पुढच्या पुरानंतर त्याच ओढ्यासाठी पुन्हा तेवढाच पैसा लागेल. ज्या तांड्यावर १०८ची रुग्णवाहिका फाट्यापाशीच थांबते, तिथे दिवस भरत आलेल्या बाईला श्रावणाआधीच सडकेलगतच्या नातेवाइकांकडे नेऊन ठेवण्याची रीत पडली आहे, आणि ज्यांचे सडकेवर नातेवाईक नाहीत त्यांना बाजल्यावर घालून चिखल तुडवावा लागतो. ही रीत आता इतकी अंगवळणी पडली आहे की लोक तिच्याबद्दल तक्रारसुद्धा करत नाहीत.

मोठ्या प्रकल्पांना विरोध करण्याचे कारण नाही. १७ सप्टेंबर २०२५ रोजी बीडहून अहिल्यानगरला रेल्वे सुटली तेव्हा आमच्या पिढीला जो आनंद झाला तो शब्दांत सांगता येणार नाही, मग ती २६१ किलोमीटरच्या नगर-बीड-परळी मार्गाच्या १९९५मधील मंजुरीनंतर तीस वर्षांनी का येईना. समृद्धी महामार्ग ७०१ किलोमीटरचा झाला, पण मराठवाड्याच्या आठ जिल्ह्यांपैकी तो जातो फक्त जालना आणि छत्रपती संभाजीनगर या दोनांतून. २०१६च्या मंत्रिमंडळ बैठकीत मराठवाड्यासाठी सुमारे ४९ हजार कोटींची आणि २०२३च्या बैठकीत सुमारे ४६ हजार कोटींची घोषणा झाली. पहिल्या घोषणेतले किती काम झाले याचा कामनिहाय हिशेब दुसऱ्या घोषणेच्या आधी लोकांपुढे ठेवला असता, तर दुसऱ्या आकड्यावर अधिक विश्वास बसला असता. पाण्याबद्दल थोडेच लिहितो, कारण तो स्वतंत्र पत्राचा विषय आहे: जलजीवन मिशनची नळजोडणी दारापर्यंत आली, टाकी उभी राहिली, जलवाहिनीसाठी नवा सिमेंट रस्ता फोडला गेला आणि पुष्कळ ठिकाणी पाण्याचा उद्भवच आटल्यामुळे नळाला फेब्रुवारीनंतर पाणी नाही. नळ मोजला गेला, पाणी मोजले गेले नाही. लातूरला एप्रिल २०१६मध्ये मिरजेहून रेल्वेने पाणी आणावे लागले होते, हे विसरण्याइतका काळ अजून लोटलेला नाही.

हे सारे विचारायचे कोणाला, हीही अडचण आहे. मार्च २०२२मध्ये मुदत संपल्यावर बहुतेक जिल्हा परिषदांचा कारभार तीन वर्षांहून अधिक काळ प्रशासकांच्या हाती राहिला. प्रशासक वाईट असतात असे नाही, पण तांड्यावरचा माणूस त्याच्या गटाच्या सदस्याला बाजारात गाठून दोन शब्द सुनावू शकतो, तसे त्याला प्रशासकाला सुनावता येत नाही. जिल्हा नियोजन समितीचा निधी मार्चअखेर घाईने खर्ची पडतो आणि घाईत पडणारा पैसा सोप्या कामांवर पडतो. सभागृह, पेव्हर ब्लॉक आणि कमान यांना जमिनीचा वाद नसतो.

पुढच्या जनगणनेची संदर्भ तारीख १ मार्च २०२७ जाहीर झाली आहे, म्हणजे आपल्याकडे लोकसंख्येची मोजणी पुन्हा फेब्रुवारीतच होणार. तारीख बदलणे राज्याच्या हाती नाही आणि ती बदलावी अशी मागणीही मी करत नाही. राज्याच्या हाती एक गोष्ट निश्चित आहे. ऊसतोड कामगारांची नोंदणी करून त्यांना ओळखपत्रे देण्याचे काम ग्रामपंचायत अधिकाऱ्यांमार्फत करण्याचे धोरण आधीच ठरलेले आहे. ही नोंदणी वाडी, वस्ती व तांडानिहाय पूर्ण करावी, स्थलांतरित कुटुंबांची संख्या त्या-त्या वस्तीच्या लोकसंख्येत जोडावी आणि ग्रामसडक योजनेच्या चौथ्या टप्प्याच्या यादीतून लोकसंख्येअभावी वगळलेल्या वस्त्यांचा या आधारे फेरविचार करण्याची शिफारस केंद्राकडे पाठवावी. केंद्राने ती मानली नाही, तर मुख्यमंत्री ग्रामसडक योजनेतून या वस्त्या घ्याव्यात, कारण तिथे निकष ठरवण्याचा अधिकार राज्याचाच आहे. त्याबरोबर क्रमांक नसलेल्या वहिवाटीच्या रस्त्यांना ग्रामीण मार्गाचा दर्जा देण्यासाठी तालुकानिहाय मुदत ठरवावी, आणि दोन हेक्टरांपेक्षा कमी जमीन असलेल्या शेतकऱ्याची जमीन अशा रस्त्यात जात असेल तर तिचा मोबदला जिल्हा नियोजनातून द्यावा.

विकास मंडळ पुन्हा कामाला लागले, तर त्याने पहिल्या वर्षी नव्या प्रकल्पांची यादी करू नये. बारमाही रस्ता नसलेल्या वस्त्यांची यादी करावी. ती यादी २ ऑक्टोबरच्या ग्रामसभेत वाचून दाखवावी. टोळ्या त्यानंतर निघतात.

आपला नम्र,
एक निवृत्त शाखा अभियंता
ता. धारूर, जि. बीड